दुसऱ्या ओळीला हात लावू नकोस

माझ्याकडे दोन प्रकारची गिऱ्हाइकं येतात. एकांना खेळायचं असतं, आणि दुसऱ्यांना आपलं लहानपण परत हवं असतं. ही दुसरी जमात फार डोकं खाते. माळ्यावरून जुना कन्सोल काढतात, फडक्यात गुंडाळून माझ्या टेबलावर आणून ठेवतात आणि म्हणतात, "बघा ना, चालतोय का." मग मी काही बोलायच्या आत कार्ट्रिज उचलतात आणि त्याच्या तोंडात जोरात फुंकर मारतात. मी ओरडते. अहो, थुंकीने आतल्या पट्ट्या गंजतात, फुंकर कसली मारताय! थोडं स्पिरिट, थोडा कापूस आणि हलका हात, एवढंच त्याला लागतं. पण त्यांना फुंकर मारायचीच असते आणि मला ओरडायचंच असतं. असा आमचा धंदा चालतो.

दुकान म्हणजे आमच्या घराची पुढची खोली. खिडकीपाशी टेबल, त्यावर भिंग, सोल्डर गन आणि स्क्रूंच्या डब्या, समोर एक जुना जाडजूड टीव्ही. मागच्या खोलीत आई. मधलं दार मी बंद करत नाही. तिने हाक मारली की मला ऐकू येते, आणि मी इथे काय बोलते ते सगळं तिला ऐकू जातं. आईला अंथरुणाला खिळून बरीच वर्षं झाली. कमरेखालचं अंग साथ देत नाही, पण कान अजून तिखट आहेत. गिऱ्हाईक पायरी उतरतं न उतरतं तोच आतून शेरा येतो, "तो काही परत यायचा नाही गं, बघ तू." आणि बहुतेक वेळा तो परत येत नाही.

दुरुस्तीपेक्षा माझं नाव झालं ते वेगळ्याच गोष्टीमुळे. या जुन्या कन्सोलवर कुणी कोणता गेम खेळावा, ते मी माणूस बघून सांगते. हे गेम सगळे बाहेरचे, त्यांची नावं परक्या लिपीत, तेव्हा नावंही मीच ठेवलेली. तापट माणसाला मी 'विटा' देते. वरून विटा पडतात, त्या खाली नीट रचायच्या. चिडलात की हरलात. नोकरीतून नुकत्याच मोकळ्या झालेल्या माणसाला 'बोगदा', कारण त्यात घाई नाही आणि वाट चुकली तरी कुणी हसत नाही. नव्या जोडप्याला 'होडी'. दोघांनी एकदम वल्हं मारलं तरच होडी पुढे जाते, नाहीतर जागच्या जागी गोल फिरते. एक जोडपं तो गेम दुसऱ्याच दिवशी परत घेऊन आलं. दोघं एकमेकांशी बोलत नव्हते, दोघंही फक्त माझ्याशी बोलत होते. मी गुपचूप त्यांना पाळीपाळीने खेळायचा 'बेडूक' दिला आणि विषय मिटवला.

एक गेम मात्र मी कुणालाच देत नसे. त्याची गोष्ट सांगायचे, तोंड दुखेपर्यंत कौतुक करायचे, पण कार्ट्रिज हाताला लागू द्यायचे नाही. आम्ही त्याला 'दोघी' म्हणायचो. आम्ही म्हणजे मी आणि ताई.

बाबा गेले त्या वर्षी मामाने तो कन्सोल आणला. मामा जहाजावर होता, कुठल्याशा बंदरात त्याला स्वस्तात मिळाला. घरात कुणी हसत नव्हतं म्हणून आणला असावा. ताई तेव्हा ती परकी भाषा शिकायला क्लासला जायची, त्यामुळे पडद्यावरचं वाचायचं काम तिचं आणि बटणं दाबायचं काम माझं. पडद्यावर अक्षरं उमटली की मी थांबायचे, ताई वाचायची, मनातल्या मनात जुळवायची आणि मला आपल्या भाषेत सांगायची. ती सांगायची कशी! आवाज बदलून, डोळे मोठे करून. मला ती लिपी शिकायची गरजच कधी वाटली नाही. ताई होती ना.

'दोघी'ची गोष्ट अशी. समुद्राकाठी टेकडीवर एक घर. घरात आई आजारी, आणि तिच्या दोन मुली. थोरली औषध आणायला डोंगरापलीकडे जाते. धाकटी आईच्या उशाशी राहते. आपण थोरलीला चालवायचं. वाटेत लांडगे, वादळ, लबाड व्यापारी, सगळं. शेवटी थोरली औषध घेऊन परत येते, आई डोळे उघडते, आणि आधी धाकटीकडे बघून म्हणते, "जी गेली तिने औषध आणलं. पण ते येईपर्यंत मी जगले, ती जी राहिली तिच्यामुळे." या जागी मी दर वेळी रडायचे. धाकटी पलंगापाशी उभी असायची, एवढीशी, चारसहा ठिपक्यांची, तिच्या पाठीवर एक करडा चौकोन. ताई म्हणायची, ती आईसाठी उशी घेऊन आलीये.

गेम सुरू केला की पडद्यावर दोन ओळी यायच्या. वरच्या ओळीवर बटण दाबलं की खेळ सुरू. खालच्या ओळीबद्दल ताईने पहिल्याच दिवशी बजावलं होतं, "चिंगे, दुसऱ्या ओळीला हात लावू नकोस. तिथे गेलं की आतलं सगळं पुसलं जातं." मी कानाला खडा लावला. पुढे मी अख्खा कन्सोल डोळे मिटून सुटा करून जोडायला शिकले, पण त्या ओळीवर बोट कधी गेलं नाही.

आता मी जे सांगते त्याला तुम्ही हसाल. शाळा संपली तेव्हा माझा दुसऱ्या शहरात इलेक्ट्रॉनिक्सच्या कोर्सला नंबर लागला होता. त्याच सुट्टीत ताईला परदेशी नोकरी मिळाली. आम्ही दोघी गेलो असतो तर आई घरात एकटी. कुणीच त्यावर बोलत नव्हतं, सगळे मूग गिळून बसलेले. ताई फक्त म्हणाली, "चल, जायच्या आधी एकदा 'दोघी' खेळू." आम्ही तो पहिल्यापासून खेळलो. ताईने शेवट वाचला. आणि दुसऱ्या दिवशी मी, माझी मी, दोघींपुढे उभी राहून म्हणाले, "ताई, तू जा. मी राहते."

सगळ्यांनी पाठ थोपटली. किती समजूतदार पोर! मलाही स्वतःचं फार कौतुक वाटलं. आयुष्यात मी ठरवलेली ती एकच मोठी गोष्ट. कुणी मला विचारलं, तुम्ही कधी बाहेर का नाही गेलात, तर मी ऐटीत सांगायचे, कुणी अडवलं नाही हो, मीच राहिले. आणि मग 'दोघी'ची गोष्ट सांगायचे.

हीच गोष्ट मी संग्रहालयवाल्या बाईंना सांगितली.

बाई एका मोठ्या शहरातून आल्या होत्या. तिथल्या संग्रहालयात त्यांना एक खोली अशी करायची होती की लोकांनी यावं, जुन्या सोफ्यावर बसावं आणि या कन्सोलवर खेळावं. कोणते गेम ठेवावेत, हे विचारायला कुणीतरी त्यांना माझं नाव सुचवलं होतं. बाई गोड होत्या. कार्ट्रिज उचललं पण फुंकर मारली नाही, तेवढ्यानेच मी गार झाले. दुपारभर बसून मी त्यांना एकेक गेम काढून दाखवला, कुठला लहानांना, कुठला थकलेल्यांना, कुठला नुसत्या बघ्यांना. शेवटी त्या म्हणाल्या, "गेम तर निवडलेत. आता त्या खोलीत बसायलाही तुम्हीच या ना. पगार आहे, राहायला जागा आहे. तुमच्यासारखं माणूस मला कुठे मिळणार?"

मोह झाला, खोटं कशाला बोलू. पण उत्तर ठरलेलं होतं. "मी नाही येऊ शकत," मी म्हटलं आणि मागच्या खोलीकडे मान वळवली. आतून आईचा खोकला आला. आईला खोकला नसतो.

मग, नाही म्हटल्याची भरपाई म्हणा किंवा आणखी काही, मी उठले आणि 'दोघी' काढून बाईंच्या हातात ठेवला. "हा तुमच्या खोलीत मधोमध ठेवा. याच्यासारखा दुसरा गेम झाला नाही. फक्त उधार देतेय हां. आणि दुसऱ्या ओळीला हात लावू देऊ नका कुणाला." कार्ट्रिजच्या पोटात नाण्याएवढी बॅटरी असते, तिच्यावर आतली आठवण टिकते. ती बॅटरी मरायला आली तेव्हा मी बाहेरून तारा लावून, वीज चालू ठेवून, श्वास रोखून नवीन बॅटरीला सोल्डरचा डाग दिला होता, आमचं खेळलेलं काही पुसलं जाऊ नये म्हणून. हे सगळं मी बाईंना सांगितलं. त्यांनी कार्ट्रिज रुमालात गुंडाळून नेलं.

काही दिवसांनी बाईंचा फोन आला. खुशीत होत्या. "अहो, काय गेम दिलात! पण दुसऱ्या भागाबद्दल काहीच बोलला नाहीत तुम्ही? तो तर पहिल्याहून सुंदर आहे."

"कुठला दुसरा भाग?"

"खालच्या ओळीवरचा."

"तुम्ही खालच्या ओळीवर गेलात? बाई, मी सांगितलं होतं ना! गेलं सगळं! पुसलं गेलं असेल!"

"काही पुसलं गेलं नाही," बाई गोंधळून म्हणाल्या. "खालच्या ओळीवर लिहिलंय, 'धाकटीचा प्रवास'. मी कॉलेजात ती भाषा शिकलेय. आणि तो भाग कुणीतरी शेवटपर्यंत खेळून ठेवलाय. मला वाटलं तुम्हीच."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"त्यात धाकटीला नाव देता येतं," बाई पुढे म्हणाल्या. "इथे काहीतरी चिन-गी असं लिहिलंय. कोण चिंगी?"

तुम्ही म्हणाल, आजच्या जमान्यात फोनवर दोन बोटं फिरवली असती तरी कळलं असतं. कळलं असतं ना! मी सगळ्या गेमांची माहिती शोधते, दिवसातून दहा वेळा शोधते. 'दोघी'ची कधी शोधली नाही. आपल्या सख्ख्या बहिणीचा पत्ता कुणी लोकांना विचारत फिरतं का? तो गेम मला पाठ होता. निदान मला तसं वाटत होतं.

बाई स्वतः कार्ट्रिज घेऊन आल्या. माझ्या आवाजावरूनच त्यांना काहीतरी बिनसलंय हे कळलं असावं. आम्ही त्या जाडजूड टीव्हीपुढे बसलो. मी बटणं दाबत होते आणि बाई वाचत होत्या. सवयीने मी अक्षरं आली की थांबत होते. बाई सरळ वाचायच्या, आवाज न बदलता, डोळे मोठे न करता.

अगदी सुरुवातीलाच, थोरली निघते त्या आधी, आई दोघींना पलंगापाशी बोलावते. ताई इथे सांगायची की आई थोरलीला म्हणते, तू जा, आणि धाकटीला म्हणते, तू मला सोडून जाऊ नकोस. बाईंनी वाचलं, "दोघीही जा. एकीने डोंगराची वाट धरावी, एकीने समुद्राची. माझ्याजवळ शेजारीण आहे. माझ्यासाठी दारात कुणी थांबू नका."

"परत वाचा," मी म्हटलं. बाईंनी परत वाचलं. तेच निघालं.

मग आम्ही शेवट लावला. थोरली परत आली, आई उठून बसली, धाकटी पलंगापाशी, पाठीवर तो करडा चौकोन. बाई वाचू लागल्या. "आई धाकटीला म्हणते, आलीस? बस. सांग, काय काय पाहिलंस."

"आणि पुढे? जी राहिली तिच्यामुळे मी जगले, असं काहीतरी?"

"नाही हो. एवढंच आहे. मग दोघी जेवायला बसतात." बाई पडद्याच्या जवळ गेल्या. "हे तिच्या पाठीवर प्रवासाचं बोचकं आहे ना?"

बोचकं होतं. उशी कुठली? उशी कुणी पाठीला बांधून आणतं का! इतकी वर्षं मी ते बघत होते आणि मला ते बोचकं दिसलं नाही, कारण मला उशी म्हणून सांगितलं होतं.

खालच्या ओळीवर मी पहिल्यांदा बटण दाबलं. काही पुसलं गेलं नाही. निळा समुद्र आला, गलबत आलं, आणि माझ्याच नावाची एक एवढीशी पोरगी गलबताच्या टोकावर उभी. तिने बेटं पाहिली होती, बाजार पाहिले होते, ज्वालामुखी पाहिला होता. सगळं तिच्या नावावर जमा होतं, आणि ते टिकावं म्हणून मीच श्वास रोखून बॅटरीला डाग दिला होता. माझ्याशी बोललेलं खोटं मी माझ्याच हातांनी जपून ठेवलं होतं. मला हसायला आलं, आणि हसता हसता असा काही संताप आला की मी कंट्रोलर टेबलावर आपटला. बाई बिचाऱ्या दचकल्या. आतून आई म्हणाली, "काय पडलं गं?"

"काही नाही," मी म्हटलं.

बाईंना पोचवायला पायरीपर्यंत गेले तेव्हा त्या म्हणाल्या, "ती जागा मी अजून भरलेली नाही. पण फार दिवस नाही थांबू शकणार."

ताईचा फोन रविवारी येतो, चेहरा दाखवून. ती स्वयंपाकघरात उभी होती, मागे भांडी चकचकीत. कशी आहेस, आई कशी आहे, वगैरे झालं. मी म्हटलं, "ताई, दुसऱ्या ओळीवर काय होतं?"

"कसली दुसरी ओळ?"

"'दोघी'ची."

"अगं बाई! आहे अजून तो गेम?" ती खळखळून हसली.

"कुणीतरी वाचून दाखवला मला. सगळा."

हसू जागच्या जागी विझलं. तिने गॅस बंद केला, खुर्ची ओढून बसली. "लहान होते गं मी, चिंगे. घरात प्रत्येक गोष्टीत तुझा वाटा असायचा. मला काहीतरी एकटीचं हवं होतं. तू शाळेत गेलीस की मी तो भाग खेळायचे. म्हणून म्हटलं, पुसलं जाईल."

"आणि माझं नाव कशाला दिलंस?"

"तुला घेऊन जायचे ना मी! सगळीकडे तुला घेऊन जायचे."

"मला घेऊन जायचीस? मी शाळेत होते!"

मला तिचं ते लहानपणीचं माफ करता आलं असतं. पोरं करतात असल्या चोऱ्या. पण मी सोडणार नव्हते. "ते राहू दे. तू निघालीस त्या सुट्टीत परत वाचलास ना शेवट? तेव्हा तू लहान नव्हतीस. तेव्हा तू चांगली घोडी झाली होतीस, बॅग भरून तयार होतीस. 'जी राहिली तिच्यामुळे मी जगले' हे कुठून आणलंस?"

"आधीपासून तसंच वाचत आले होते ना..."

"खोटं बोलू नकोस. आधी नुसतं 'धाकटीने आईला सांभाळलं' एवढंच म्हणायचीस. मी रडायचे त्यावरही. हे वाक्य त्या सुट्टीत आलं. माझ्या डोक्यात शेवट ऐकलेल्या सगळ्या वेळा एकत्र झाल्या होत्या, आज सकाळी सुट्या झाल्या. कुठून आणलंस?"

ताईने ओट्यावरचं फडकं उचललं, परत ठेवलं. "चिंगे, मला सुचलं असतं का असलं वाक्य? मी आयुष्यात कधी असं बोललेय का?"

"मग?"

"आईला विचार," ती म्हणाली, आणि रडायला लागली. मी फोन बंद केला. तिच्या रडण्याला द्यायला माझ्याकडे वेळ नव्हता.

मधलं दार उघडंच होतं. आईने सगळं ऐकलं होतं हे मला तिच्या चेहऱ्यावरून कळलं, कारण तिने मला काहीच विचारलं नाही. तिची कूस बदलायची वेळ झाली होती. मी एक हात तिच्या खांद्याखाली आणि एक कमरेखाली घातला, तिला वळवलं, पाठीशी तक्क्या लावला. मग समोर जाऊन बसले.

"तू सांगितलंस तिला?"

"हो," आई म्हणाली.

इतक्या सरळपणे म्हणाली. तिने थोडी कुरकुर करावी, आठवत नाही म्हणावं, असं मला वाटत होतं. तेवढी तरी लाज.

"तुला तेव्हा काय झालं होतं? धडधाकट होतीस. रोज कारखान्यात मशीनवर बसून शिवत होतीस."

"काही झालं नव्हतं. तोच तर घोळ होता. आजारी असते तर म्हणायला कारण होतं." आईने ओठ ओले केले. "घरात एकटीने राहायची भीती वाटत होती, एवढंच. हे पोरीला कसं सांगायचं?"

"तोंडाने सांगायचं! 'चिंगे, मला भीती वाटते, राहा' असं म्हणायचं. मी राहिले नसते का?"

"राहिली असतीस. तुझ्यात तेवढी माया आहे, मला काय माहीत नाही?" आई माझ्याकडे बघत होती, डोळे न हलवता. "पण तोंड पाडून राहिली असतीस. रोज दारातून बाहेर बघत बसली असतीस. मला ते बघवलं नसतं. तू माझं ऐकायची नाहीस, त्या खेळाचं ऐकायचीस. म्हणून तिला म्हटलं, त्यात घाल. बघ, किती वर्षं तू हसत राहिलीस. मला हसरी मुलगी हवी होती गं."

परक्याने फसवलं तर माणूस चार शिव्या देतं आणि मोकळं होतं. हिने माझा केसाने गळा कापला होता आणि वर मी हसत होते म्हणून समाधानी होती. मी राहिले याचं मला दुःख नव्हतं; आजही सांगते, नव्हतं. तिने विचारलं असतं तर मी राहिलेच असते, तोंड पाडून राहिले असते, भांडून राहिले असते, पण ते माझं असतं. माझ्याकडे मिरवायला एकच गोष्ट होती, मीच राहिले, कुणी अडवलं नाही. तीसुद्धा या दोघींनी मिळून शिवून दिलेली निघाली. आणि मी ती अंगावर घालून गावभर फिरले, संग्रहालयवाल्या बाईंपुढेसुद्धा.

"मी त्या बाईंकडे कामाला जाणार आहे," मी म्हटलं.

"मग माझं कोण करणार?"

"बघ, हे असं विचारायचं. असं तेव्हा विचारायचं होतंस." मी उठून तिचा तक्क्या सारखा केला. "ताई करेल. तिचं काम कॉम्प्युटरवरचं, तिथून काय आणि इथून काय."

"ती नाही यायची."

"येईल. आता कुठल्या तोंडाने नाही म्हणेल?"

ताई आली. खळखळ केली, सुट्ट्यांची अडचण सांगितली, पगारी बाई ठेवू म्हणाली. मी एकच म्हटलं की मी निघायचा दिवस ठरलाय, तू ये नाहीतर नको येऊस. आली. मोठी बॅग, लॅपटॉप, डोळ्यांखाली काळं. मी तिला सगळं दाखवलं. कूस कशी बदलायची, चादर ओढताना सुरकुती राहू द्यायची नाही, उजव्या बाजूला जास्त वेळ ठेवायचं नाही, भरवताना मान किती उचलायची. ताई मान डोलवत होती, आणि पहिल्यांदाच मी सांगत होते आणि ती ऐकत होती. एकदा ती म्हणाली, "चिंगे, मला माफ कर." मी म्हटलं, "औषध जेवणानंतर द्यायचं, आधी नाही." खरंच तेवढंच सुचलं.

दुकान आवरलं. लोकांचे कन्सोल लोकांना परत केले. गिऱ्हाइकांना वाईट वाटलं, एकाने तर जाता जाता मुद्दाम माझ्यासमोर फुंकर मारली, मी ओरडावं म्हणून. मी ओरडले. त्याला बरं वाटलं.

निघायच्या दिवशी सकाळी मी आईला अंघोळ घातली. ताई म्हणाली होती मी करते, पण मी केलं. केस विंचरले, पावडर लावली, स्वच्छ गाऊन घातला. आमच्या दोघींत त्या दिवसापासून कामापुरतं बोलणं उरलं होतं. मी हसणं सोडलं होतं. ठरवून नाही, ते येतच नव्हतं. आणि आई रोज माझा चेहरा बघायची, जेवताना, पाणी पिताना, दिवा लावताना, आणि काही म्हणायची नाही. एवढी शिक्षा मी तिला दिली, ती मी नाकारत नाही.

खांद्यावर बॅग अडकवून मी तिच्यापाशी गेले. मला वाटलं ती रडेल. मी त्याची तयारी करून गेले होते. रडली तर काय बोलायचं, नाही बोलायचं, सगळं मनात घोळवलं होतं. पण आई माझ्याकडे बघून हसली. चांगलं तोंडभर हसली, डोळ्यांच्या कडा गोळा करून, मी परीक्षा पास झाले की हसायची तसं. "जा," म्हणाली. "नीट जा. माझी काळजी करू नकोस."

मी तिथेच उभी राहिले. त्या चेहऱ्याची एकेक रेघ मला माहीत होती. कुठे दुखलं की भुवई कशी जाते, झोप लागली की ओठ कसा सुटतो, अंधारात नुसत्या श्वासावरून मला कळायचं हिला तहान लागलीये की भीती वाटतेय. आणि हे हसू खरं आहे की मला हसत जाता यावं म्हणून केलेलं आहे, ते मला कळेना. मी डोळ्यांत पाहिलं, कपाळावर पाहिलं, चादरीवरच्या बोटांकडे पाहिलं. काही सापडलं नाही.

"आई, खरं हसतेस का गं?"

"तुला काय वाटतं?" आई म्हणाली.

मी तिची चादर सारखी केली, ताईला औषधाची आठवण केली आणि पायरी उतरले.